खाल्ल्या मिठापलीकडचं इमान

मुंबईबद्दल, आणि आता पुण्या-ठाण्याबद्दलही, एक तक्रार पुन्हा पुन्हा ऐकू येते. शहरात इमान उरलं नाही, म्हणतात. पूर्वी दिलेल्या शब्दाला किंमत होती, माणूस खाल्ल्या मिठाला जागत होता, वडीलधाऱ्यांचा मान राखला जात होता, गल्लीतल्या दादालासुद्धा काही तत्त्वं होती. आता जो तो आपल्यापुरता. ही तक्रार चाळीच्या गॅलरीत चालते, लग्नाच्या पंगतीत चालते, व्यासपीठावरूनही चालते. हिंदी चित्रपटांनी तिचे संवाद केले, रिक्षांच्या मागच्या काचांवर तिची वचनं आली आणि चौकाचौकांतल्या फ्लेक्सवर तिच्या नावाने 'निष्ठावंत' झळकू लागले.

हे निदान मला मुळातूनच चुकीचं वाटतं. आपल्या शहरांत निष्ठेचा दुष्काळ नाही. निष्ठा भरपूर आहे आणि नको तिथे आहे. ती साहेबाशी आहे, कंत्राटदाराशी आहे, जातभाईंशी आहे, पक्षाशी आहे. ज्याला आपण ओळखत नाही, ज्याचं मीठ कधी खाल्लं नाही आणि ज्याच्याकडून काही मिळण्याची आशा नाही, त्या माणसाच्या वाट्याला मात्र ती येत नाही. शहराचा सगळा कारभार तर अशाच माणसांच्या एकमेकांवरच्या भरवशावर चालतो. सकाळच्या लोकलमध्ये चढणाऱ्या हजारो लोकांनी मोटरमनचं तोंड पाहिलेलं नसतं. नळाचं पाणी पिणाऱ्याला ते शुद्ध करणारा ठाऊक नसतो. राहत्या इमारतीचे खांब कोणी तपासले, हेही आपल्याला माहीत नसतं. या माणसांनी आपल्याशी इमान राखलं नाही, तर जुन्या वचनांपैकी एकही आपल्याला वाचवू शकत नाही.

ती वचनं एकदा तपासून पाहू. ज्याची खावी पोळी, त्याची वाजवावी टाळी. बळी तो कान पिळी. झाकली मूठ सव्वा लाखाची. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. आपल्या पूर्वजांनी जगाची रीत पाहून या म्हणी रचल्या. त्यांना बोच आहे. माणसं कशी वागतात, एवढंच त्या सांगतात. आपण त्यांची बोच काढून टाकली आणि त्यांचा उपदेश करून घेतला. कार्यालयात नव्याने लागलेल्या मुलाला वरिष्ठ सांगतात, 'इथलं इथेच ठेवायचं.' पालिकेतल्या तरुण अभियंत्याला सांगितलं जातं, 'सगळ्यांना सांभाळून घ्यायचं.' हा व्यवहारी शहाणपणा समजला जातो, आणि तो न पाळणाऱ्याला गद्दार म्हणतात.

मिठाला जागण्याचा हा उपदेश नेहमी खालच्याला केला जातो, हेही ध्यानात घ्या. कामगाराने शेठचं मीठ खाल्लं, असं सगळे म्हणतात. शेठने कामगाराच्या घामाचं मीठ खाल्लं, असं म्हणताना कोणी ऐकलं आहे का?

जुन्या काळातल्या इमानाच्या गोष्टी सांगणाऱ्यांनी गिरणगावाचा इतिहास आठवावा. गिरणीत भरती होई ती जॉबरच्या हातून. तो आपल्या मुलखातली, आपल्या ओळखीची माणसं आणी, त्यांना कामावर लावी, अडीअडचणीला पैसे देई, कधी राहायची सोयही करी. त्याच्या बदल्यात दस्तुरी घेई, आणि इमानही. त्याच्याशी वाकडं झालं की बदलीवाल्याला काम मिळत नसे. इंग्रज सरकारने नेमलेल्या व्हिटली कमिशनने १९३१ च्या अहवालात जॉबरच्या या सत्तेवर आणि लाचखोरीवर बोट ठेवलं. ज्याला आज आपण जुन्या माणसांचं इमान म्हणतो, त्यातलं बरंचसं असं घेतलेलं होतं. पोटाला चिमटा बसेल या भीतीने राखलेल्या इमानाचा गौरव करायचा, तर तो गौरव भीतीचाच होतो.

दुसरं उदाहरण कामगारांच्या आपसातल्या निष्ठेचं आहे. ते मला अधिक महत्त्वाचं वाटतं, कारण त्यात कोणी शेठ नाही, सगळे आपलेच आहेत. मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्याची मजुरी चांगली होती, पण दलित कामगारांना त्या खात्यात काम करू देत नसत. धोट्यातली कांडी संपली की सुताचं टोक तोंडाने ओढून घ्यावं लागे. तिथे सवर्ण विणकरांना विटाळ आडवा येई. १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न लावून धरला. सर्व खाती सर्वांना खुली करा, ही मागणी संपाच्या मागण्यांत आली पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. पुढाऱ्यांनी ती नाखुशीने स्वीकारली. ऐन संपात एकी मोडू नका, हा उपदेश अशा वेळी नेहमी होतो, आणि वरवर तो रास्तही वाटतो. पण ज्या एकीत एकाने कायम खालच्या मजुरीवर गप्प बसायचं असतं, ती एकी मोडणाऱ्याला फितूर म्हणायचं की तिला खरा अर्थ देणारा म्हणायचं? मी दुसऱ्या बाजूने उभा आहे.

हेच आंबेडकर परळच्या बीआयटी चाळीत वर्षानुवर्षं राहिले. ४ नोव्हेंबर १९४८ ला संविधान सभेत त्यांनी खेड्यांच्या गौरवाला नकार दिला आणि तिथल्या संकुचितपणावर कठोर टीका केली. गावच्या निष्ठा ज्यांना दुरून गोड वाटतात, त्यांनी त्या निष्ठा वेशीबाहेरच्या माणसाच्या बाजूने पाहिलेल्या नसतात. बलुत्याचं धान्य खाल्लं म्हणून पिढ्यान्पिढ्या मान खाली घालायची, ही निष्ठा शहरात आल्यावर सैल झाली. शहरात पगार रोख मिळाला, हॉटेलात जात न विचारता चहा मिळाला, लोकलच्या डब्यात खांद्याला खांदा लागला. या सैलपणाला नीतीचा ऱ्हास म्हणणं म्हणजे ज्यांची बेडी तुटली त्यांच्यापुढे बेडीचे गोडवे गाणं आहे.

आता त्या 'तत्त्वाच्या दादां'कडे वळू. जुने दादा बायकामुलांना हात लावत नसत, शब्द पाळत, गरिबाच्या मुलीच्या लग्नाला पैसे देत, असं कौतुकाने सांगितलं जातं. ज्या धंद्याला कागदावर करार करता येत नाही आणि कोर्टात दाद मागता येत नाही, त्याला जबानीवरच चालावं लागतं. तिथला शब्द ही धंद्याची गरज असते, ती नीती नव्हे. आणि या धंद्याने गिरणगावाला काय दिलं, ते डोळ्यांपुढे आहे. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार उतरले आणि त्यांतल्या कित्येकांना पुन्हा कधी काम मिळालं नाही. त्यानंतरच्या वर्षांत गिरण्यांच्या जमिनी सोन्याच्या झाल्या आणि त्या व्यवहारांभोवती पिस्तुलं फिरू लागली. १९९४ मध्ये महालक्ष्मीजवळ गिरणीमालक सुनीत खटाव यांना गोळ्या घातल्या गेल्या. १६ जानेवारी १९९७ ला कामगार नेते दत्ता सामंत यांना पवईत त्यांच्या घराजवळ भाडोत्री मारेकऱ्यांनी ठार केलं. मालक गेला, कामगारांचा पुढारीही गेला. सुपारी घेणाऱ्याचं इमान सुपारी देणाऱ्याशी असतं, बाकी कोणाशीही नसतं. त्याच्या तत्त्वनिष्ठेच्या कथा आपण मुलांना सांगू नयेत.

मिठाला जागणं टोकाला गेलं की काय होतं, याचा याहून भीषण दाखला रायगडच्या किनाऱ्यावर आहे. १९९३ च्या सुरुवातीला दिघी आणि शेखाडीला शस्त्रं आणि आरडीएक्स उतरलं. समुद्रमार्गे येणाऱ्या तस्करीच्या मालाकडे कस्टम आणि पोलीस अधिकाऱ्यांनी डोळेझाक करण्याची रीत तिथे जुनी होती. ठरलेले पैसे पोहोचले की गाडी सोडायची. ज्यांचं खाल्लं त्यांच्याशी त्या अधिकाऱ्यांनी इमान राखलं. गाडीत काय आहे हे विचारलं नाही, मूठ झाकलेली ठेवली. १२ मार्चला मुंबईत बॉम्बस्फोटांची मालिका झाली. २५७ माणसं मेली, सातशेहून अधिक जखमी झाली. विशेष टाडा न्यायालयाने कटातल्या आरोपींबरोबर कस्टम आणि पोलीस खात्यातल्या माणसांनाही दोषी ठरवलं. मेलेल्यांपैकी एकालाही ते ओळखत नव्हते. त्यांचा गुन्हा त्या अनोळखीपणातच आहे. एअर इंडियाच्या इमारतीखाली, झवेरी बाजारात, वरळीत, दादरला त्या दुपारी जी माणसं होती, त्यांचं आपण काही लागतो, हे त्यांच्या मनाला कधी शिवलंच नाही.

याचीच लहान आवृत्ती दर पावसाळ्याआधी घडते. ४ एप्रिल २०१३ ला मुंब्र्याजवळ शिळफाट्याला एक बेकायदा इमारत कोसळली आणि ७४ माणसं मेली. इमारत काही महिन्यांत उभी राहिली होती, वरचं बांधकाम चालू असतानाच खाली कुटुंबं राहायला आली होती. बिल्डरांबरोबर पालिकेचे अधिकारी आणि पोलीसही पकडले गेले. अशी इमारत रातोरात उगवत नाही. तिच्या प्रत्येक मजल्याला कोणीतरी कोणाला तरी सांभाळून घेतलेलं असतं.

या वचनांना सर्वांत मोठी प्रतिष्ठा चित्रपटांनी दिली, म्हणून त्यांच्याबद्दलही बोलायला हवं. १९७५ चा 'दीवार' घ्या. सलीम-जावेद यांनी लिहिलेल्या या चित्रपटातला आईबद्दलचा संवाद तोंडपाठ नाही, असा माणूस त्या पिढीत सापडणं कठीण. संपत्ती एका भावाकडे, आई दुसऱ्याकडे, एवढंच लोकांनी लक्षात ठेवलं आणि आईच्या मायेचं वचन म्हणून ते मिरवलं. पण चित्रपटातली आई काय करते, ते पाहा. मोठ्या मुलाचा पैसा कुठून येतो हे कळल्यावर ती त्याचं घर सोडते. तिचं त्याच्यावरचं प्रेम तसूभरही कमी झालेलं नाही. तरी ती इन्स्पेक्टर असलेल्या धाकट्याच्या बाजूने उभी राहते आणि गोळी झाडताना हात थरथरू नये म्हणून त्याला धीर देते. रक्ताच्या नात्याहून मोठं काही असतं, हे ती बाई जाणते. आपण संवाद उचलला आणि तिचा निर्णय विसरलो. शहरातल्या नैतिक निवडीवरचं आपल्या व्यापारी चित्रपटांतलं मोलाचं पान आपण असं अर्धंच वाचलं.

मानाचीही हीच गत आहे. 'धाक असला की मान आपोआप मिळतो' हे वचन शाळेपासून पोलीस चौकीपर्यंत चालतं. धाकाने जे मिळतं ते वाकणं असतं, आणि धाक गेल्यावर ते टिकत नाही. माणसाला खरोखर कोणाबद्दल आदर आहे, हे तो साहेबाशी कसा बोलतो यावरून कळत नाही. इमारतीच्या पहारेकऱ्याला, कचरा नेणाऱ्याला, भांडी घासायला येणाऱ्या बाईला तो कसं बोलावतो, यावरून कळतं. पन्नाशीच्या मावशींना दहा वर्षांचा मुलगा नावाने हाक मारतो आणि घरात कोणाला ते खटकत नाही, तिथे वडीलधाऱ्यांच्या मानाबद्दल भाषणं करण्याचा हक्क आपण गमावलेला असतो.

'आमची बाई घरच्यासारखी आहे' हे वाक्य मध्यमवर्गात फार प्रेमाने उच्चारलं जातं. घरच्यासारखी असेल, तर तिला आजारपणाची रजा का मिळत नाही? आठवड्याची सुट्टी मागितली की 'इतकं केलं तरी जाणीव नाही' असं का म्हटलं जातं? १९८० मध्ये पुण्यात मोलकरणी संपावर गेल्या, त्या वाजवी पगारासाठी आणि हक्काच्या रजेसाठी. महाराष्ट्राने २००८ मध्ये घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला. तरी बहुसंख्य घरांत सुट्टी आजही मर्जीवर चालते. जिव्हाळा आणि हक्क यांत निवड करायला लावणारा जिव्हाळा खोटा असतो. मावशींना साडी द्या, दिवाळीला फराळ द्या, पण आधी ठरलेल्या तारखेला पूर्ण पगार आणि आठवड्याला एक सुट्टी द्या. आदर तिथून सुरू होतो.

यावर एक गंभीर आक्षेप आहे, आणि तो टाळून पुढे जाता येणार नाही. गरीब माणसाला शहरात सरकार भेटत नाही, त्याला माणूसच भेटतो, असं सांगितलं जातं. इस्पितळातली खाट, शाळेतला प्रवेश, नळजोडणी, रेशनकार्ड हे सगळं कोणाच्या तरी शब्दाने होतं. गाववाल्यांनी गाळ्यात जागा दिली म्हणून कोकणातला आणि घाटावरचा कामगार मुंबईत टिकला. खानावळवाल्या बायकांनी उधारीवर जेवू घातलं म्हणून संप निभावले. मग उपकाराची जाण ठेवायची नाही का?

ठेवायची, अगदी मनापासून ठेवायची. गाळ्यात शेजारी वळकटी टाकणाऱ्या दोन माणसांमधलं इमान मला वंद्य आहे, कारण ते बरोबरीचं आहे. आज त्याने माझ्यासाठी केलं, उद्या मी त्याच्यासाठी करीन. पण खाट, प्रवेश आणि नळ हे उपकार नव्हेत. तो नागरिकाचा हक्क आहे. तो आधी अडवायचा, मग उपकार म्हणून परत द्यायचा आणि त्याच्या मोबदल्यात आयुष्यभराची निष्ठा मागायची, हा व्यवहार फसवणुकीचा आहे. त्यातून बाहेर पडण्याचा रस्ता त्या खानावळवाल्या बायकांनीच दाखवला. १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, तेव्हा या बायका किराणा दुकानदाराच्या आणि सावकाराच्या उधारीत अडकलेल्या होत्या. मंडळामुळे त्यांना राष्ट्रीयीकृत बँकेचं कर्ज मिळू लागलं. ज्याच्या मेहेरबानीवर घर चालत होतं त्याच्याशी मिंधेपणाने वागायची गरज उरली नाही. सामुदायिक जामीन राहिल्या त्या एकमेकींना. निष्ठा संपली नाही, तिची जागा बदलली.

म्हणून माझी कसोटी सोपी आहे. ज्याच्याशी मी निष्ठा राखतो, तो मला 'नाही' म्हणू देतो का? आणि माझ्या निष्ठेची किंमत तिसरा कोणी, माझ्या ओळखीबाहेरचा माणूस, भरतो का? पहिल्याचं उत्तर नाही आणि दुसऱ्याचं हो असेल, तर ती निष्ठा सोडणं हेच इमान.

शहर माणसाला कोरडं करतं, हा दावाही खरा नाही. २६ नोव्हेंबर २००८ च्या दहशतवादी हल्ल्याच्या रात्री छत्रपती शिवाजी टर्मिनसवर विष्णू झेंडे हे उद्घोषक आपल्या खोलीतून प्रवाशांना सावध करत राहिले, कुठल्या बाजूने बाहेर पडायचं ते सांगत राहिले. कामा रुग्णालयात अंजली कुलथे या परिचारिकेने २० गरोदर स्त्रियांना सुरक्षित खोलीत हलवलं आणि पुढे हल्लेखोर कसाबला न्यायालयात ओळखलं. गिरगाव चौपाटीला सहायक पोलीस उपनिरीक्षक तुकाराम ओंबळे यांनी कसाबची बंदूक धरून ठेवली आणि प्राण दिले. या तिघांपैकी कोणीही समोरच्याचं मीठ खाल्लेलं नव्हतं. फलाटावरचे प्रवासी, वॉर्डातल्या बायका, नाक्याच्या मागे झोपलेलं शहर त्यांच्या नात्यागोत्यातलं नव्हतं. शहरी नीतीचा कळस असाच दिसतो.

असं इमान बंदुकीपुढेच राखावं लागतं असं नाही, कार्यालयातही राखावं लागतं, आणि तिथे टाळ्या मिळत नाहीत. मुंबई महापालिकेचे उपायुक्त गो. रा. खैरनार यांनी बेकायदा बांधकामं पाडली, वरिष्ठांवर आणि राज्यकर्त्यांवर उघड बोलले, आणि १९९४ मध्ये निलंबित झाले. तळेगाव दाभाड्याचे सतीश शेट्टी माहितीच्या अधिकारात जमिनींचे व्यवहार बाहेर काढत होते. १३ जानेवारी २०१० ला सकाळी फिरायला गेले असताना त्यांचा खून झाला. अशा माणसांना आपण 'फार ताठ' म्हणतो, 'जुळवून घेता आलं नाही' म्हणतो. त्यांनी जुळवून घेतलं होतं, पण ते शहराशी, साहेबाशी नव्हे.

गेल्या काही वर्षांत आपल्या राजकारणात 'निष्ठावंत' आणि 'गद्दार' हे दोनच शब्द उरल्यासारखे झाले आहेत. २०२२ मध्ये एक पक्ष फुटला, २०२३ मध्ये दुसरा. कोण कोणाशी बेइमान झालं, यावर सभा, मोर्चे, खटले झाले. त्याच काळात, मार्च २०२२ मध्ये मुंबई महापालिकेची मुदत संपली, आणि त्यानंतर साडेतीन वर्षांहून अधिक काळ देशातल्या सर्वांत श्रीमंत महापालिकेत एकही निवडून आलेला नगरसेवक नव्हता. मतदाराशी झालेल्या या बेइमानीसाठी 'गद्दार' हा शब्द कुठल्याच व्यासपीठावरून आला नाही. २५ नोव्हेंबर १९४९ ला आंबेडकरांनी संविधान सभेत बजावलं होतं की राजकारणातली भक्ती ही अधोगतीची आणि हुकूमशाहीची वाट आहे. फ्लेक्सवरचा प्रत्येक निष्ठावंत त्या वाटेवर एक पाऊल पुढे टाकतो.

वाचकांना माझी विनंती एवढीच आहे. 'आपला माणूस आहे, सांभाळून घ्या' हे वाक्य तुमच्या कानावर सोसायटीच्या बैठकीत पडेल, कार्यालयात पडेल, घरातही पडेल. सोसायटीत भाडेकरूचा धर्म आणि ताटातलं अन्न विचारून दार बंद करताना पडेल, इमारतीचा खांब तोडणाऱ्याकडे काणाडोळा करताना पडेल. तेव्हा मान हलवण्याआधी मोठ्याने विचारा, सांभाळून घेतल्याचा भुर्दंड कोणाला पडणार? त्याचं खरं उत्तर मिळालं, की इमान कोणाशी राखायचं हे ठरवायला कुठलीही म्हण लागत नाही.